शिजवायचं नाही, घाबरवायचं

नुसत्या कढईच्या जोरावर अख्ख्या कॉलनीत दरारा बसवणारा माणूस मी आयुष्यात एकच पाहिला, आणि तो माझ्या आपाचा नवरा निघाला याचा मला आजही अभिमान आहे. आपा म्हणजे माझी थोरली बहीण. सत्तरच्या दशकाच्या अखेरीस मी रत्नागिरीहून कतारला नोकरीसाठी गेलो, तो या दुल्हाभाईंच्याच घरी उतरलो. मेसईदला, तेव्हा आम्ही सगळे उम्म सईदच म्हणायचो, ते पोलादाच्या कारखान्यात वेल्डर होते आणि कंपनीने त्यांना दोन खोल्यांचं क्वार्टर दिलं होतं.

त्याआधी ते जहाजावर होते. तिथल्या चिनी स्वयंपाक्याकडून बड्याचं, मोठ्या जनावराचं, मटण झटपट परतायला शिकून आले आणि त्याला कोकणी मसाल्याची जोड दिली. बड्याचं म्हणजे तासन् तास रटरटत ठेवायचं, हे आमच्या घराण्याचं मत. ते ऐकून दुल्हाभाई कळवळायचे. "अरे, शिजवायचं नाही, घाबरवायचं!" मटण अर्धवट गोठलेलं असतानाच धाग्याच्या आडवं, कागदासारखं पातळ कापायचं. कढईतून धूर निघाल्याशिवाय तेल ओतायचं नाही. मिरच्या टाकताना डोळ्यांवर कारखान्यातला चष्मा. आणि मटण एका वेळी मूठभरच. "जास्त टाकलंस की पाणी सुटतं, आणि पाणी सुटलं की झाली आमटी!" आमटी हा शब्द ते शिवीसारखा उच्चारत. आपाला स्वयंपाकघरात मज्जाव होता. एकदा तिने कढईवर नुसतं झाकण ठेवलं, तर आठवडाभर अबोला. शेजारी साताऱ्याकडचे एक बसड्रायव्हर राहत. ते आपाला बहीण मानत, म्हणून दुल्हाभाई त्यांचे दाजी. ते बड्याचं खात नसत, तर दुल्हाभाईंनी त्यांच्यासाठी वेगळी कढई आणि वेगळं उलथणं ठेवलं होतं. त्यात फक्त बटाटे आणि अंडी. त्या कढईला हात लावायची मलासुद्धा परवानगी नव्हती.

एका ईदला नमाज आटोपतो न आटोपतो तोच वाळूचं वादळ सुटलं. कंपनीच्या कामगार कॅम्पात एकटी राहणारी माणसं दोह्याला निघाली होती, ती बस अर्ध्या वाटेवरून परत आली. मेसला सुट्टी. ड्रायव्हर डोक्याला उपरणं गुंडाळून दारात उभे राहिले. "दाजी, बसभर माणसं हायत. पोटात काय न्हाय कुणाच्या. कुठं न्यू?"

"कुठं म्हणजे? यल्ला, चल, उतरव इथं!"

फ्रीज मटणाने भरलेला होता. पण कढई एक, आणि एका वेळी मूठभर. आपा म्हणाली, "एवढ्या माणसांना कधी पुरणार हे? टाका सगळं मोठ्या टोपात." मला वाटलं, झालं, आता काही खरं नाही. दुल्हाभाई टोपाकडे बघत राहिले. मग भिंतीला टेकून बसलेल्या, भुवयांपर्यंत वाळूने माखलेल्या त्या माणसांकडे. आणि त्यांनी स्वयंपाकघराचं दार सताड उघडलं.

"आमटी होणार नाही! ज्याच्या घरी कढई असेल त्याने ती घेऊन या. स्टोव्हसकट!"

आसपासच्या क्वार्टरांतून कढया आल्या. आपाच्या हातात त्यांनी स्वतःची सुरी दिली. प्रत्येक स्टोव्हवर एकेक माणूस उभा केला. ड्रायव्हरांनी आपली कढई आपणच सांभाळली. डोळ्यांवर चष्मा चढवून दुल्हाभाई मधे ओरडत फिरत होते, "भिऊ नका, धूर येऊ द्या! आता टाक! हलव! खलास, उतरव!" घरभर खोकला, नाकाडोळ्यांतून पाणी, आणि हसणं. रायगडकडचा एक फिटर जीभ बाहेर काढून म्हणाला, "चाचा, तोंड पेटलंय, पण अजून वाढा!" शेवटच्या माणसापर्यंत प्रत्येकाला कढईतून थेट ताटात मिळालं. पाण्याचा एक थेंब सुटला नाही. मी ताटं वाढत होतो आणि जो विचारेल त्याला सांगत होतो, हे माझे दुल्हाभाई.

दुपार कलून असरच्या नमाजाच्या सुमाराला वारा पडला, माणसं गेली. दुल्हाभाई पायरीवर बसले, तेव्हा कळलं की त्यांच्यासाठी काहीच उरलेलं नाही. आपाने न विचारता तांदळाची पेज केली आणि सुका बांगडा भाजला. आता ते काही तरी खोट काढणार म्हणून मी वाटच बघत होतो. त्यांनी वाटी पुसून खाल्ली आणि म्हणाले, "अजून आहे का गं?"

पुढे ती दोघं गावी परतली, मी इथे कतारलाच राहिलो. दुल्हाभाईंना जाऊनही आता बरीच वर्षं झाली. सुट्टीत घरी जमलो की त्यांच्या कढईचे किस्से आम्ही रंगवून रंगवून सांगतो. आपा सगळे ऐकून घेते, हसते, आणि शेवटी हळूच म्हणते, "पेजसुद्धा आवडायची हो त्यांना."