अकरा वर्षं पाहिलेलं यान

अंतराळयानाची ती मालिका आईनं आणि मी अकरा वर्षं पाहिली. पाण्याखाली गेलेला आपला ग्रह शोधत त्यातली माणसं भटकत होती. शेवटच्या भागात तो सापडला. पाणी ओसरलेलं, घरांचे पाये उघडे पडलेले. आणि कॅप्टननं काय करावं? खिडकीतून नुसतं बघितलं, "आता तिथं आपलं काही नाही" म्हणाला आणि यान वळवलं. वर यानातल्या सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या! माझं डोकंच फिरलं. लिहिणाऱ्याचं स्वतःचं घर बुडालं असतं, तर असलं लिहायला त्याचा हात धजला नसता.

आमचं जुनं गाव माकणीच्या धरणात गेलं. उन्हाळ्यात पाणी हटलं की नव्या गावातल्या बायका चिखल तुडवत तिथं जातात आणि आपापल्या उंबऱ्यावर हळदीकुंकू वाहतात. आमचा उंबरा राहिलेला नाही, तिथं एक दगड आहे. गुडघे धरलेत तरी आई त्या दगडापर्यंत जातेच.

मी तावातावानं बोलत होतो. आई पडद्याकडंच बघत होती. मग म्हणाली, "एवढ्या लांबून आले, अन् खाली उतरले बी न्हाईत व्हय?"