ऐनाचा शेंडा

राब भाजल्याचा धूर नाकात गेला की सिद्धगडाखालचं आमचं ऐनाचं झाड डोळ्यांपुढे येतं. इंग्रजांचं राज्य होतं, माझं लग्न नवं होतं. नवरा तापानं निजलेला, म्हणून राबासाठी, म्हणजे भाताच्या रोपांची जागा भाजायला, लागणाऱ्या फांद्या तोडायला मीच कोयता घेऊन झाडावर चढले. फांद्या कमी वाटल्या, तशी शेंड्यालाच हात घातला. खालून सासू ओरडली, "शेंडा नको तोडू गो! झाड मरल, नि वर घारीची पिल्लं हायेत." "मंग राब कमी पडल ना!" मी म्हटलं. तरी शेंडा तसाच ठेवून मी खाली उतरले. दुसऱ्या दिवशी सासूनं स्वतःच्या अंथरुणाखालचा पेंढा आणून राबावर पसरला आणि पुढचं भात येईपर्यंत नुसत्या जमिनीवर झोपली. परवा नातू त्याच ऐनाच्या फांद्या घेऊन आला. न विचारताच म्हणाला, "शेंडा ठेवलाय गो आजे." मी मनातल्या मनात सासूला हात जोडले.