आता तालातोला बटीक कोण म्हणणार

राजधानीतल्या गुंघिन वस्तीत तालातोला शिव्या देणारं कुणी उरलं नव्हतं, आणि म्हातारपणी तिला सलत होतं ते एवढंच. मुलं खाली मान घालून बोलत. सुना पाणी देताना गुडघा टेकत. गल्लीतली पोरं "आजी, आजी" करत मागून पिशव्या उचलायला धावत. तालातोला या आदराचा वीट आला होता. "तुमचा मान घाला चुलीत," ती म्हणे, "मला कुणीतरी नीट दोन शब्द ऐकवा रे." पण ते दोन शब्द ऐकवायचा हक्क असलेला माणूस दूर उत्तरेला आपल्या गावी जाऊन बसला होता, आणि दोन वर्षं त्याचा फोन नव्हता.

तो माणूस म्हणजे भिंतीपलीकडचा शिंपी, सिप्रियन तोए. तो सामो, ही मोसी. या दोन जमातींत थट्टेचं नातं पूर्वजांपासून चालत आलेलं. सामोनं मोसीला गुलाम म्हणावं, मोसीनं सामोला म्हणावं, आणि जो राग धरील त्यानं बापाचं नाव सांगू नये. तेव्हा सकाळी दुकान उघडलं की तोए भिंतीवरून मान काढून ओरडायचा, "ए बटके! धन्याचं पाणी तापवलंस का?" आणि तालातो मागावरून म्हणायची, "तापवलंय की. त्यात कुत्र्याचं मुंडकं टाकायचं राहिलंय, तेवढं घेऊन ये." सामो कुत्री खातात ही मोसींची बोंब, मोसी गाढवं खातात ही सामोंची. एवढं झालं की दोघं कामाला लागत. जिवाला जीव देणारी माणसं होती ती, पण हे त्यांना कुणी तोंडावर म्हटलं असतं तर दोघांनी मिळून त्याला हाकललं असतं.

लष्करातल्या एका तरुण कॅप्टननं देश चालवायला घेतला, तालातो मागावर बसली ती त्याच्या राजवटीत. त्याआधी माग पुरुषांचा आणि बाईनं फक्त सूत कातायचं. मग कॅप्टनची क्रांती आली, आणि सरकारी माणसानं देशातल्या कापसाचं, देशात विणलेलं कापड घालावं असा हुकूम निघाला. एवढं कापड आणायचं कुठून? वस्तीवस्तीत बायकांना लोखंडी माग मिळाले. नवरा नोआगा म्हणाला, "तू मागावर बसलीस तर मी काय चुलीपुढं बसू?" तालातो म्हणाली, "बसा की. ऊब असते तिथं." आणि कडुनिंबाखाली तिचा धोटा जो चालू झाला तो झाला. तिच्या निळ्या-पांढऱ्या पट्ट्यांच्या कापडाला कडेनं एकच बारीक पिवळी रेघ असे. ती विणायची आणि तोए शिवायचा. कचेऱ्यांतले साहेब ते कोट शिवून घेत आणि खुंटीला टांगून ठेवत. कॅप्टन येतोय अशी कुणकुण लागली की अंगात घालायचा, तो गेला की पुन्हा खुंटी. तोए म्हणायचा, "बटके, तुझं कापड माणसांपेक्षा खुंट्याच जास्त घालतात." तिला ते लागायचं, पण खोटं नव्हतं.

मग ऑक्टोबरातला तो गुरुवार उजाडला. दुपारी गोळ्यांचे आवाज आले, संध्याकाळी रेडिओवर नुसता लष्करी बँड वाजत राहिला, आणि कॅप्टनला मारलं हे सगळ्यांना न सांगता कळलं. दुसऱ्या दिवशी खुंट्या रिकाम्या झाल्या. पिवळ्या रेघेचे कोट कुणी जाळले, कुणी पुरले, कुणी फरशी पुसायला घेतले. तालातोचे गठ्ठे घरात पडून राहिले आणि तिनं माग थांबवला. तीन सकाळी ती कडुनिंबाखाली हात मांडीवर ठेवून नुसती बसून होती.

चौथ्या सकाळी भिंतीवर मान आली. "बटके, माग का गप्प? कॅप्टन गेला म्हणून? अगं, तुझा धनी तर मी आहे, आणि मी कुठं मेलोय!" एवढं बोलून त्यानं भिंतीवरूनच एक गठ्ठा ओढून नेला. दोन दिवसांनी बघते तर तोए त्याच कापडाचा कोट घालून भर रस्त्यानं चाललेला. कोपऱ्यावर सैनिकांनी अडवलं. वस्ती दारादारांत उभी राहिली. तोएनं सैनिकाला आडनाव विचारलं. मोसी निघाला. "मग बाजूला हो, गुलामा! धन्याचा रस्ता अडवतोस? आणि गाढवाचं मटण खाऊन हात तरी धुतलेस का?" सैनिक बघत राहिला, आणि फस्सकन हसला. बंदूक खांद्याला अडकवून तोही सुरू झाला, "जा, जा, कुत्रेखाऊ!" तालातोनं दारातून ते पाहिलं आणि घरात जाऊन ताणा बांधायला घेतला. पुढं तिनं मुलं शिकवली, घर पक्कं केलं, ते त्याच मागावर. राज्यं येत-जात राहिली, कापडाला पुन्हा चांगले दिवस आले, पण तिनं माग परत कधी थांबवला नाही.

नोआगा वारला तेव्हा तोएनं सामोचं काम चोख केलं. मयताच्या घरी थट्टेच्या नात्यातल्या माणसानं मयताचं सोंग घ्यायचं असतं, त्याचेच कपडे घालून. तोए नोआगाची टोपी घालून, त्याच्यासारखा लंगडत अंगणात आला आणि फाटक अडवून बसला. "मला कुठं नेताय? आधी दोलो आणा! आणि ही बाई मागावर, मग चूल कोण फुंकणार?" ज्वारीच्या दारूचा तुंबा हातात पडेपर्यंत त्यानं प्रेत हलू दिलं नाही. रडून सुजलेल्या डोळ्यांनी तालातो हसली. हसली म्हणून तर ती त्या दिवसातून पार पडली. त्या रात्री तिनं मनाशी धरलं, की आपल्याही दिवशी असंच व्हावं. तोएनं आपलं डोक्याचं फडकं बांधावं, आपल्यासारखा धोटा फेकावा, आणि लोकांनी पोट धरून हसावं.

पुढं तोएची नजर गेली. सुईत दोरा जाईना, तेव्हा तो तुगानला आपल्या गावी परतला. निघताना म्हणाला, "मरायचं झालं तर आधी कळव. धावत येतो, तुझं फडकं मलाच बांधायचंय." तालातो म्हणाली, "आधी तूच जाशील. घशात कुत्र्याचं हाड अडकून!" बस सुटेस्तोवर दोघं ओरडत होते. नंतर दर रविवारी फोन यायचा, आणि पहिला शब्द ठरलेला: "बटके!" मग त्या भागात बंदुकवाले शिरले, मोबाइलचे मनोरे पाडले, रस्ते तुटले. रविवारी तालातो फोन मांडीवर घेऊन बसायची. नातवानं एकदा विचारलं, कुणाची वाट बघतेस? "माझ्या धन्याची," ती म्हणाली, आणि पोराला वाटलं आजीचं डोकं फिरलं.

थंडीतल्या धुळकट वाऱ्याचे दिवस होते. फाटकाशी एक तरुण बाई उभी राहिली, पाठीला मूल बांधलेलं, हातात गाठोडं. "तालातो मावशी इथंच राहतात का? मी ओनोरीन. तोए शिंप्याची धाकटी."

तालातोच्या हातातून धोटा सुटला. "कुत्रेखाऊ कुठाय?" ती फाटकाबाहेर बघत म्हणाली. "पाठीमागून चालतोय का? म्हातारा झाला मेला!"

ओनोरीन नुसती खाली बसली, आणि तालातोला कळलं.

पाणी प्याल्यावर तिनं सांगितलं. गाव सोडून सगळे पायी निघाले होते. वाटेत बंदुकवाल्या पोरांनी अडवलं, तोंडं बांधलेली. "बाबांनी नेहमीसारखं आडनाव विचारलं, मावशी. एकाला म्हणाले, बाजूला हो गुलामा. तो हसला नाही. दुसऱ्यांदा म्हणाले, तरी हसला नाही. त्यांनी आम्हाला काही केलं नाही, जाऊ दिलं. पण बाबा त्यानंतर वाटभर बोललेच नाहीत. पुढच्या मुक्कामाला ताप आला, आणि दोन दिवसांत गेले. त्या गावात कुणी मोसी नव्हतं. लोकांनी मुकाट्यानं खड्डा खणला, मुकाट्यानं पुरलं. बाबांच्या मयताला कुणी हसलं नाही."

तिनं गाठोडं सोडलं. आत तो कोट होता. निळ्या-पांढऱ्या पट्ट्या विटलेल्या, कोपरं ठिगळांची, पण कडेची पिवळी रेघ जागेवर. "हा अंगावर घालून पुरू नका म्हणून त्यांनी ताप चढताना खुणेनं सांगितलं. नंतर एवढंच पुटपुटले, बटकीला नेऊन दे."

हा निरोप कशाचा ते तालातोला कुणी समजावून सांगायला नको होतं. नोआगा गेल्यापासून तिनं वाट पाहिली की तो आपलं फडकं बांधील, आणि आता कोट तिच्या हातात आला होता. ती रडली, मोठ्यानं आणि न लाजता. मग नाक पुसून उठली आणि कोट अंगात घातला. बाह्या बोटांखाली लोंबत होत्या. डोळे बारीक करून, मान पुढं काढून ती फाटक अडवून उभी राहिली.

"खबरदार! मला नेऊ नका!" ती तोएच्या घोगऱ्या आवाजात ओरडली. "माप राहिलंय! शनिवारी या! शनिवारी नक्की!" शेजारची माणसं धावली. तोएचा शनिवार ज्यांनी महिनोन्‌महिने कपड्यांची वाट बघून ओळखला होता, ती म्हातारी माणसं आधी हसली, मग बाकीची. तालातोनं हवेतच दोरा ओवला, चुकवला, सुईला शिव्या दिल्या. मग तोएच्या सवयीनं भिंतीकडं गेली आणि मान वर काढून म्हणाली, "ए बटके! धन्याचं पाणी तापवलंस का?"

आणि थांबली. पलीकडून उत्तर द्यायला कुणी नव्हतं, कारण उत्तर देणारी अलीकडं उभी होती. हे शब्द ऐकायला ती दोन वर्षं तळमळली होती, आणि ऐकू आले ते स्वतःच्याच तोंडून. तिचे हात बाह्यांत लटकत राहिले. 

"बटके!" मागून आवाज आला. हलका, घाबरलेला, पण आला. ओनोरीन मूल सावरत उभी राहिली होती. "नुसती उभी काय राहिलीस? माझ्या बापाचा कोट लोळतोय धुळीत. आणि पाणी मलाही हवंय, मुलाला अंघोळ घालायचीय!"

अंगणात कुणीतरी फिदकन हसलं. तालातो वळली. तिचा सगळा चेहरा ओला होता. "आली बाई धन्याची लेक!" ती ओरडली. "तापवते की! पण आधी सांग, त्या पाण्यात मुंडकं काळ्या कुत्र्याचं टाकू की तांबड्याचं?"

"काळ्याचं," ओनोरीन म्हणाली, आणि खूप दिवसांनी हसली.

तालातोनं बाह्या दुमडल्या आणि चुलीकडं गेली.