इथून उचला

अक्षर गिचमिड आहे, शुद्धलेखन चुकतं. माझं मलाच वाचायचंय, तरी माफी असावी.

चाकणला ज्या दादांकडे धुणीभांडी करायचे, ते प्रेमभंगाच्या गाण्यांचा अल्बम करत होते. जुन्या चालीचा, काळजातून गायचा, सोल म्हणतात तसला. मुलीच्या फीसाठी मी पगाराची उचल घेतलेली. त्यामुळे त्यांनी कोरसला उभं केलं तेव्हा नाही म्हणवेना. रेकॉर्डिंग घरातच, बाहेरचा आवाज नको म्हणून खिडक्यांना गोधड्या, पंखा बंद, दाराला कडी. जीव गुदमरायचा.

"ताई, इथून उचला," दादा म्हणाले. म्हणजे सूर.

"नको दादा, आधीचीच फिटली नाही."

ड्रमवाला हसला, "राव, गाण्यापेक्षा हेच रडवतंय!"

माइक चालूच होता, माझं वाक्य गाण्यात तसंच ठेवलं. त्याचे पैसे दादांनी वळते केले. कडी मीच काढली. उचल पुरती फिटली होती.