आई तंबूत उभी राहिली

लासलगावला तंबूतला सिनेमा यायचा, तेव्हा आत मधोमध दोरी बांधलेली असे. एका बाजूला बाया, दुसऱ्या बाजूला पुरुष. मी सातवीत असताना घरचे आम्ही तिघं एक मराठी सिनेमा बघायला गेलो. आईचा तो पहिलाच.

त्याच्या आदल्या उन्हाळ्यात थोरला भाऊ घर सोडून गेला होता. वडील मार्केटात हमाल. त्यांनी त्याला शाळेतून काढून कांद्याच्या खळ्यावर लावलं होतं. एक दिवस तो काम टाकून वर्गात जाऊन बसला, म्हणून वडिलांनी त्याला पट्ट्याने मारलं. तो गेला तो गेलाच. घरात त्याचा विषय कोणी काढत नसे. आता माझी पाळी होती. "सोमवारपास्नं हीबी येईल कांदा निवडायला," असं वडिलांनी मुकादमाला सांगून ठेवलं होतं.

सिनेमाही अशाच एका गरीब घरातल्या मुलाचा. बाप त्याला बडवत होता आणि पुरुषांत कोणीतरी शिट्टी वाजवली. तेवढ्यात माझ्या शेजारी बसलेली आई उठून उभी राहिली.

"बास करा आता," ती म्हणाली. "एक लेकरू गेलं. हिला तरी सोडा."

तंबूभर हसू पसरलं.

"ओ मावशी, पिक्चर हाय तो," मागची बाई म्हणाली. "खाली बसा, आमाला दिसत नाय."

आई पडद्याशी बोलतेय, असंच सगळ्यांना वाटलं. पण तिचं तोंड दोरीपलीकडे, वडील बसले होते तिकडे होतं. घरात ती त्यांना कधी उलट बोलली नव्हती. चार माणसांत ते हात उचलणार नाहीत, हे तिने ओळखलं असावं.

सिनेमा सुटला तेव्हा वडील बाहेर सायकलींपाशी उकिडवे बसले होते. आई नुसतं "चला" म्हणाली. घरापर्यंत ते आमच्या मागून चालत आले.

सोमवारी मी डोक्याला फडकं बांधून निघाले, तर वडील म्हणाले, "दप्तर कुठंय तुजं?"

पुढे माझ्या नाशिकच्या कॉलेजसाठी त्यांनी खांदे सोलून निघेपर्यंत पोती वाहिली. ते उपकार मी विसरणार नाही. बी.ए.चा निकाल लागला, तेव्हा मी पेढे घेऊन घरी आले. वडिलांनी पेढा हातात घेतला आणि बराच वेळ तसाच धरला.

"त्यालाबी शिकायचं व्हतं ना?" त्यांनी आईला विचारलं.

वडिलांनी पेढा परत पुड्यात ठेवला.