देवाच्या नावाचा पुकारा

संकल्पाचे पाणी ताम्हणात सोडताना ओल्या अक्षतांचा आणि तांब्याचा जो गंध येतो, त्याने मला आजही न्यायालयातला एक दिवस आठवतो. आसेगावकडच्या आमच्या लहानशा देवळाचे एक शेत आहे; त्याच्याच ज्वारीचा नैवेद्य देवाला होतो. शेजाऱ्याने धुरा, म्हणजे मधला बांध, फोडून त्यात नांगर घातला, तेव्हा पिढीजात पुजारी म्हणून मी दावा दाखल केला, आणि अर्जात ‘माझे शेत’ असे लिहून दिले. पुढे वकील म्हणाले, “शेत देवाचे आहे. हा दावा मागे घेऊन देवाच्याच नावाने नवा करावा लागेल, नाहीतर शेत हातचे जाईल.” माघारीच्या अर्जावर सही करायला माझा हात धजेना; वाटले, गाव म्हणेल, पुजारी हरला. ते शेत कसणारे वृद्ध शेतकरी सोबत आले होते. ते हसून म्हणाले, “महाराज, संकल्पात चूक झाली त तुमी आमाले पाणी सोडून पुन्हा म्हनाले लावता. मंग आता सोता काहून अडून राह्यले?” मी सही केली. न्यायाधीशांनी नव्याने दावा करण्याची मुभा दिली. नव्या दाव्याच्या पहिल्या तारखेला शिपायाने व्हरांड्यात वादी म्हणून देवाच्या नावाचा पुकारा केला, तेव्हा आम्ही दोघेही नकळत चपला काढून, हात जोडून उभे राहिलो. शेत देवाकडेच राहिले. आज संकल्पात ‘मम’, म्हणजे ‘माझे’, म्हणताना मात्र माझा आवाज आपोआप खाली येतो.