मुद्दा बरोबर आहे तुमचा

इंगवले मॅडम वर्गात आल्या की हजेरीच्या आधी कोपऱ्यातला माठ हलवून बघायच्या. माठ त्यांनीच आणलेला, त्यावर स्टीलचा एक पेला पालथा. रिकामा असला तर पुढच्या बाकावरच्या कुणाला तरी भरायला पाठवायच्या आणि तो भरून येईपर्यंत शिकवायला सुरुवात करायच्या नाहीत. "पाण्याशिवाय तर्कशास्त्र हुत न्हाय," म्हणायच्या. पहिल्या दिवशी मला वाटलं, बाईंना साखरेचा आजार असेल, सारखी तहान लागत असेल.

माठ आमच्यासाठी होता. वर्गात वाद रंगला आणि कुणाचा आवाज चढला की मॅडम नुसतं म्हणायच्या, "पाणी." मग त्यानं उठून पेलाभर पाणी प्यायचं. तो पीत असताना समोरच्यानं त्याची बाजू सांगायची. स्वतःची नाही, पिणाऱ्याची. पिणाऱ्यानं "व्हय, हेच म्हणतोय मी" असं कबूल केलं तरच पुढं बोलायची परवानगी. नाही म्हटला तर पुन्हा सांगायचं. कोल्हापुरात हे सोपं नाही. इथं आवाज मोठा त्याचा मुद्दा मोठा, हे आम्ही पाळण्यापासून शिकलेलो असतो.

आता त्या कॉलेजात नाहीत. हे लिहिताना मला राग येतो आहे. रागात लिहू नये असं त्यांनी शिकवलं असेल असं कुणाला वाटेल, पण तसं त्या कधी म्हणाल्या नाहीत. त्या म्हणायच्या, "रागाला हाकलू नगंस. मागच्या बाकावर बसव. त्यालाबी तास ऐकू दे." मी बसवून बघते आहे. तो सारखा उठून उभा राहतो.

आमच्या घरात कॉलेजात गेलेली मी पहिली. वडील फौंड्रीत, आई दुसऱ्यांच्या शेतात. घर उचगावात, दोन खोल्या, सहा माणसं आणि कायम चालू असलेला टीव्ही. कॉलेजात बोलायची वेळ आली की मी मनात पुस्तकी वाक्य जुळवायची, आणि ते जुळेपर्यंत विषय पुढं गेलेला असायचा. मॅडमनी ते ओळखलं. "घरात कशी बोलतीस गं, सुजाता?" त्यांनी विचारलं. मी लाजत म्हटलं, "हाय-न्हाय बोलतो, मॅडम." आमच्याकडच्या बायका 'मी जातो, मी येतो' असंच बोलतात, मॅडमही तशाच बोलायच्या. "मग तसंच बोल की! पुस्तकाच्या भाषेत तू पावणी हायस. पावण्यानं भांडायचं नसतंय, मिळंल ते खाऊन गप उठायचं असतंय."

कॉलेजच्या अभ्यासिकेवरून सगळं सुरू झालं. मला अभ्यासाला तेवढी एकच जागा होती. पण मुलींना तिथं संध्याकाळी सहापर्यंतच बसता यायचं, मुलांना आठपर्यंत. कारण विचारलं की उत्तर ठरलेलं: तुमच्याच सुरक्षिततेसाठी. सहा वाजले की शिपाई काका दारात उभे राहून नुसतं घड्याळाकडं बघायचे. आम्ही वह्या आवरायचो आणि मुलं आमच्या पंख्याखालच्या खुर्च्यांवर सरकायची.

मी मॅडमना सांगितलं. त्यांनी माझ्याकडून आठवडाभर तयारी करून घेतली आणि मला घेऊन प्राचार्यांकडं गेल्या. मी पहिल्यांदाच त्या केबिनमध्ये गेले होते. तरी बोलले. फी सारखीच, परीक्षा सारखीच, मग वेळ वेगळी का? मुलांना जे आहे ते मुलींना का नाही? प्राचार्यांनी सगळं शांतपणे ऐकलं. बोलत मी होते, पण ते मॅडमकडं बघत होते. शेवटी म्हणाले, "मुद्दा बरोबर आहे तुमचा. भेदभाव नकोच."

मी त्या दिवशी उचगावपर्यंत बसमध्ये उभ्यानं हसत गेले.

दुसऱ्या दिवशी फलकावर सूचना लागली. अभ्यासिका आजपासून सर्वांसाठी सहा वाजता बंद.

मला ती वाचून कळायलाच वेळ लागला. मुलांना लगेच कळली. वर्गाच्या ग्रुपवर एकानं हात जोडलेलं चित्र टाकलं, 'समानता पावली बघा!' शिवाजी पेठेतला अवधूत, आमच्या फुटबॉल संघाचा गोलकीपर, जिन्यात आडवा उभा राहून म्हणाला, "काय उचगाव, झालं का समाधान? सोता जेवली न्हाईस ती न्हाईस, आमचं ताट बी पालथं केलंस की!"

मी मॅडमसमोर जाऊन रडले, आणि रडता रडता ओरडले, "सरांनी फसवलं, मॅडम!"

त्यांनाही राग आलेला दिसत होता. हातातला खडू त्यांनी मोडून दोन तुकडे केले होते. मग म्हणाल्या, "फसवलं खरं. पर दार आपण उघडं ठेवलं. आपण काय मागितलं?"

"मुलांना तेवढं आम्हाला."

"ते त्यांनी दिलं. त्यास्नी बी न्हाय, तुमास्नी बी न्हाय. बरोब्बर सारखं. आपल्याला पायजे काय हुतं?"

"अभ्यासिका."

"ते आपण मागितलंच न्हाई, बाळा. आणि ही चूक माझी. तर्कशास्त्र मी शिकवतो, तू न्हाईस."

त्याच दिवशी तासाला त्यांनी अवधूतला माझ्यासमोर उभं केलं. तो सुरुवातीपासूनच तावात होता. "हिच्यामुळं आमची जागा गेली! आमी हिचं काय घोडं मारलं हुतं?" वर्ग हसला, बाकं वाजली. मॅडम म्हणाल्या, "अवधूत, पाणी." तो पाय आपटत माठाकडं गेला. आता त्याची बाजू मला सांगायची होती. ज्यानं मला जिन्यात अडवलं त्याची. मॅडमनी घाई केली नाही.

मी म्हटलं, "अवधूतचं घर तालमीला लागून हाय. तिथं दिवसभर गलका असतोय. त्याला पोलीस भरतीचा अभ्यास करायचाय. घरात जागा न्हाई. त्यानं कुणाचं काय केलं न्हवतं, तरी त्याची बसायची जागा गेली. आणि हे करताना त्याला कुणी विचारलंबी न्हाई."

अवधूत पेला हातात धरून उभा होता. "व्हय," तो म्हणाला. मग जरा थांबून, हळू आवाजात, "पर हे तर हिचंच झालं की, मॅडम."

मॅडम फळा पुसायला लागल्या.

दुसऱ्यांदा प्राचार्यांकडं मी आणि अवधूत गेलो. मॅडम आल्या नाहीत. "मी आत आलो तर ते माझ्याशी बोलतील. तुमच्याशी बोलू देत." मी आधी सरांचीच बाजू मांडली. म्हटलं, "सर, सांजच्याला घरी जाताना एखाद्या मुलीला काही झालं, तर पालक तुमच्या दारात येतील. जबाबदार तुमालाच धरतील. त्याची तुमाला काळजी हाय. बरोबर?" सर खुर्चीत सरळ झाले. "अगदी बरोबर." या वेळी ते माझ्याकडं बघत होते. मग मी म्हटलं, आम्हाला आठपर्यंत अभ्यासिका पायजे, सगळ्यांना. एका वाटेच्या मुली एकत्र जातील, पालकांची संमती आम्ही आणून देऊ. स्टॉपपर्यंत सोडायला आम्ही येऊ का, असं अवधूतनं मध्येच विचारलं. मी म्हटलं, "तू अभ्यास कर." सर हसले. पुढच्या आठवड्यात अभ्यासिका आठपर्यंत उघडी झाली.

इथं मॅडमचं हे चित्र संपलं असतं तर बरं झालं असतं.

जूनमध्ये वेळापत्रकात तर्कशास्त्र नव्हतं. मॅडम तासिका तत्त्वावर होत्या. त्यांना दरवर्षी नव्यानं बोलवावं लागायचं. या वर्षी बोलावलं नाही. कारण सांगितलं, विद्यार्थी कमी. खरं कारण कार्यालयात सगळे हळू आवाजात सांगत होते: बाई पोरांना भांडायला शिकवतात.

मी त्यांच्या घरी गेले. शिवाजी पेठेत शिंप्याच्या दुकानावर दोन खोल्या. त्या शेंगा फोडत बसल्या होत्या. मी चप्पल काढायच्या आधीच विचारलं, "सोतासाठी का बोलला न्हाईसा, मॅडम?"

"बोललो की. जाऊन आलतो. आधी त्यांची बाजू सांगितली, व्हय म्हणाले. मग माझी सांगितली. म्हणाले, मुद्दा बरोबर आहे तुमचा."

"मग?"

"मग चहा आला."

माझा तोल गेला. मी काय काय बोलले ते आठवत नाही. खालचं शिलाई मशीन थांबलं, एवढं आठवतं. मॅडमनी तांब्या पुढं सरकवला. मी घेतला नाही. मग त्या स्वतःच माझी बाजू सांगायला लागल्या. "तुझं म्हणणं असं, की हिनं आमाला नीट बोलायला शिकवलं, आणि नीट बोलणाऱ्या हिलाच कॉलेजनं काढलं. मग ते शिकवणंच खोटं. बरोबर?"

मला "व्हय" म्हणावं लागलं.

"आता माझं ऐक. नीट बोललं की मिळतंयच, असं मी कवा म्हटलं? नीट बोललं की समोरच्याला 'मला कळलं न्हवतं' म्हणायची सोय ऱ्हात न्हाय. तेवढंच. पर ते कमी न्हाय." आणि शेंगांची मूठ माझ्या ओंजळीत ओतली.

आता त्या बिद्रीच्या बाजूला एका शाळेत शिकवतात. माठ मी आणि अवधूतनं अभ्यासिकेत नेऊन ठेवला.

गेल्या महिन्यात सभागृहात प्राचार्यांनी विद्यार्थ्यांची बैठक घेतली. कुणीतरी तर्कशास्त्राचं विचारलं. सर म्हणाले, "तो विषय कुणाला हवा होता, असं कधी आमच्या कानावर आलंच नाही."

मी उठले. एवढ्या लोकांसमोर बोलायची माझी पहिलीच वेळ. "आलं हुतं, सर. इंगवले मॅडम सोता येऊन बोलल्या हुत्या. तुमी ऐकलंसा. मुद्दा बरोबर आहे म्हणालासा. तुमाला कळलं हुतं."

माझा आवाज चढला होता. सर टेबलावरचे कागद जुळवायला लागले. मागून कुणीतरी खांद्याला हात लावला. अवधूत होता, हातात पाण्याचा पेला. मी तो घेतला, पण प्यायले नाही. सर काय उत्तर देतात त्याची वाट बघत उभी राहिले.